ऐकणीचा गडू

बाबा ऐकणीच्या लोकांत जायला लागले ते आई गेल्यावर. रेल्वेतून निवृत्त झालेला, कुठल्या पूजेला कधी धड न बसलेला माणूस दर बुधवारी इस्त्रीचा सदरा घालून सदर बाजारामागच्या एका घरी जायला लागला, तेव्हाच मला ते खटकलं होतं. मी आणि नवरा तेव्हा हिंदी मुलखातल्या त्या शहरात, चौबे कॉलनीत, बाबांच्याच घरी राहायला आलो होतो, त्यांना एकटं वाटू नये म्हणून.

पंथ अगदी लहान. त्यांची श्रद्धा अशी, की जगात पहिल्यांदा कुणीतरी बोललं तेव्हा ऐकायला कुणीच नव्हतं. ते बोलणं वाया जाऊ नये म्हणून ऐकणी देवीने ते एका गडूत धरलं आणि गडूचं तोंड बंद केलं. तो गडू म्हणजे तिचा कान. तांब्याचा, पोटाला गोल, दोन्ही बाजूंना कानाच्या पाळीसारख्या कड्या, आणि तोंड झाळून कायमचं बंद केलेलं. एकेका भक्ताच्या घरी तो आठवडाभर मुक्कामाला असायचा. सकाळी त्याच्यापुढे बसून मनातलं खरं ते बोलायचं आणि तो असेपर्यंत घरात आवाज चढवायचा नाही, एवढेच नियम.

आमच्याकडे तो आला तेव्हा बाबांनी हॉलमधला टीव्ही हलवून ती जागा त्याला दिली. गडू घेऊन आलेल्या बाई निवृत्त शिक्षिका होत्या. सगळे त्यांना दीदी म्हणायचे. त्यांनी चहा घेतला, घरभर नजर फिरवली आणि गेल्या.

मुक्काम संपल्यावर त्या गडू न्यायला आल्या. बाबा आत सदरा बदलत होते. मला सहज विचारावं तसं म्हणाल्या, "तुम लोग नागपुर चले जाओगे, तो बाबूजी की दवाई कौन देखेगा?"

मी कप खाली ठेवला. नागपूरच्या बदलीचा अर्ज मी केला होता, पण ते फक्त नवऱ्याला माहीत होतं. बोलणं झालं होतं तेही हॉलमध्येच, बाबा बाहेर गेलेले असताना. समोर होता फक्त गडू.

"आपको किसने बताया?" मी विचारलं.

"ऐकणी सुनती है," त्या म्हणाल्या आणि हसल्या.

त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एकच विचार. बोटभर आकाराची रेकॉर्डिंगची यंत्रं हल्ली कुठेही मिळतात. बंद तोंडाचा गडू घरोघरी फिरवायचा, घरातलं सगळं ऐकायचं आणि मग देवीच्या नावाने माणसं ताब्यात ठेवायची. नवऱ्याला सांगितलं तर तो म्हणाला, "तू फार विचार करून राहिली." मग मला त्याचाही संशय आला. यानेच तर सांगितलं नसेल?

पुढे बाबांची पाळी पुन्हा आली. मी शहराबाहेर सिलतराच्या एका कारखान्यात गुणवत्ता विभागात होते. तिथे वेल्डिंगचे जोड तपासायला एक्स-रे काढतात. बाबा दवाखान्यात गेल्याचं पाहून मी गडू चादरीत गुंडाळला, गाडीत ठेवला आणि सरळ कारखान्यात नेला. एक्स-रे काढणारा सहकारी म्हणाला, "मॅडम, ये लोटा किसका है?" मी म्हटलं, घरचा आहे, गळतो.

फिल्म हातात आली. मी ती दिव्यासमोर उलटसुलट धरून पाहिली. तार नाही, बॅटरी नाही, काहीच नाही. गडू आतून रिकामा होता. मला हायसं वाटायला हवं होतं. उलट परतताना जास्तच धास्ती वाटली. यंत्र नव्हतं, तर मग माणूस होता.

घरी आले तर बाबा हॉलमध्ये, रिकाम्या स्टुलासमोर खुर्ची घेऊन बसलेले. मी गडू जागेवर ठेवला. मग विचारलं, "बाबा, नागपूरचं त्या दीदीला कोणी सांगितलं?"

"मी."

"पण तुम्ही तर बाहेर गेले होते."

"चष्मा विसरलो म्हणून वापस आलो. तुम्ही दोघं बोलून राहिले होते. दारातूनच फिरलो." ते गडूवरची धूळ सदऱ्याच्या टोकाने पुसत राहिले. "सकाळी याला सांगितलं. मग दीदीलेही फोन केला. हा काही जवाब नाही देत."

"मले काहून नाही विचारलं?"

"तू मले काहून नाही सांगितलं?"

सांगणारच होते, असं मी म्हणाले. ते खरंही होतं, पण त्या खोलीत ते खोटं वाटलं.

नंतर मी दीदींना एकटीने गाठलं आणि सरळ विचारलं, त्या दिवशी ऐकणीचं नाव का घेतलं, बाबांनी सांगितलं असं का नाही म्हणाल्या? त्या हिंदीत म्हणाल्या, की बाबांनी त्यांच्यावर विश्वास ठेवून सांगितलं होतं, मग त्या बाबांचं नाव कसं घेणार होत्या? बोलणं पटण्यासारखं होतं. तरी मला त्या आवडल्या नाहीत. आजही आवडत नाहीत.

बदली मंजूर झाली. बाबांना मी दहादा म्हटलं, आमच्याबरोबर चला. "हव, येईन कधी," एवढंच म्हणाले, आणि आले नाहीत. आता आम्ही नागपुरात आहोत. रोज संध्याकाळी मी फोन करते. मागे कुणीतरी कुकर लावत असतं, कुणी हसत असतं, कुणी बाबांना गोळी घेतली का विचारत असतं. मी लगेच विचारते, "कोण आहे हो घरात?"

"आपलेच लोक," बाबा म्हणतात आणि फोन ठेवून त्यांच्यात जाऊन बसतात.