कांबळेसरांचं गरम पाणी

आमच्या कामात किस्से साठायला वेळ लागत नाही. हीट पंप सुरू केला की पाणी तापेपर्यंत तिथेच बसून राहावं लागतं, आणि बसलं की माणसं बोलतात. काशीमीरा भागातल्या हॉटेलांत, लॉजवर आम्ही हे पंप बसवतो. आम्ही म्हणजे मी आणि कांबळेसर. मी फिटिंग बघते, सर हिशोब.

एका हॉटेलचा मॅनेजर या हिशोबावरच अडून बसला. सरांनी समजावलं, हजार लिटर पाणी तीस अंशांनी तापलं, म्हणजे पाण्यात साधारण पस्तीस युनिट उष्णता गेली. मीटरवर वीज पडली दहा युनिट. पस्तीस भागिले दहा, साडेतीन. म्हणजे विजेच्या साडेतीनपट.

"दस डाला और पैंतीस निकला? साहब, बेवकूफ मत बनाओ."

"बाकी के पच्चीस बाहर की हवा से आए. मशीन गरमी बनाती नहीं, उठाके लाती है. बिजली सिर्फ ढोने के लिए."

मॅनेजरने खिडकीबाहेर हायवेवरच्या ट्रकांकडे पाहिलं. "ठीक है. लेकिन हवावाले का बिल अलग से मत भेजना."

सर पोट धरून हसले. तेव्हा ते हसायचे.

*

मुर्ध्याच्या बाजूला एक छोटा वृद्धाश्रम आहे. तिथल्या पंपाचा साडेतीनपटीचा आकडा कायम चोख. वरच्या मजल्यावर कोपऱ्यातल्या खोलीत एक कोळी आजी राहायची. दर सर्व्हिसिंगला मी विचारायचे, "आजी, पाणी गरम येतं ना?"

"हाय गो, चांगला हाय."

एकदा मी सहज नळाखाली हात धरला. पाणी गार. बराच वेळ सोडलं तेव्हा जेमतेम कोमट झालं. टाकीपासून तिच्या नळापर्यंतचा लांबलचक पाइप उघडाच होता, सगळी उष्णता वाटेत जात होती. अख्खी थंडी आजीने गार पाण्याने आंघोळ केली होती.

"सांगायचं ना आजी!"

"पोरांनी इथं ठेवलाय. इथं पन तक्रार केली, तं मंग कुठं ठेवतील?"

सर स्वतः पाइपवर कव्हर चढवायला बसले. शेवटचा तुकडा आजीच्या नळापाशी आणून बसवला. मग म्हणाले, "आपण टाकीपर्यंतच हिशोब केला गं."

*

सुनंदावहिनी, म्हणजे सरांच्या मिसेस, आजारी पडल्या तेव्हा हॉस्पिटलमध्ये मीही सोबत होते. डॉक्टर म्हणाले, "हार्टचं पंपिंग पंचवीस टक्क्यांवर आलंय."

"नॉर्मल किती असतं?" सरांनी विचारलं.

"साठच्या आसपास."

बाहेर बाकावर वहिनी वाट बघत होत्या. "काय म्हणाले?"

"म्हणाले, शंभर टक्के कोणाचंच नसतं."

"तुमच्या मशीनचं तर साडेतीनशे असतं म्हणता."

"ते बाहेरून आणतं गं."

"मग मलाही आणा की कुठून तरी," वहिनी हसत म्हणाल्या.

सर लिफ्टचं बटण दाबत राहिले. लिफ्ट समोर उघडीच होती.

*

वरसाव्याला एका हॉटेलच्या गच्चीवर आमची ट्रायल चालली होती. सरांचा फोन वाजला. त्यांनी ऐकून घेतलं, "बरं" म्हणाले आणि फोन खिशात टाकला. मग मीटरसमोर वाकले.

"आउटलेटचं पाणी पंचावन्न अंश. लिहिलंस?"

"हो सर."

"सुनंदा गेली."

मी पेन ठेवून उठले. सर तसेच वाकून उभे होते, पुढचं रीडिंग घ्यायचं असल्यासारखे. शेवटी मीच मशीन बंद केलं आणि त्यांचा हात धरून त्यांना खाली आणलं.

*

वहिनींच्या जलदान विधीनंतर काही आठवड्यांनी मी त्यांच्याकडे गेले. भाईंदरचा वन बीएचके, बाल्कनीत छोटा हीट पंप. वहिनींना सतत थंडी वाजायची, म्हणून सरांनी घरीच बसवून घेतलेला. तिथेच चहा घेताना माझी नजर सवयीने पॅनेलवर गेली. सेटिंग साठ अंशांवर.

"सर, तुम्हीच सगळ्यांना पन्नासवर ठेवायला सांगता. साठला एफिशियन्सी पडते. आणि एकट्याला एवढं कडक पाणी कशाला? कमी करू का?"

मी बटणाकडे बोट नेलं. सरांनी चहाचा कप खाली ठेवला आणि माझा हात हळूच बाजूला केला.

"राहू दे. ते तिने लावलंय."