ओ मामा, उस्मानपुरा!

शाळेचा पट घटत गेला, शेवटी शाळाच बंद पडली आणि आम्ही शिक्षिका घरी. मी नुसत्या येरझारा घालायची. बसलं की उठावंसं वाटायचं, उठलं की कुठं जायचं ते कळायचं नाही. अशाच एका तिरीमिरीत रिक्षा शिकायला गेले. विचारबिचार काही केलाच नव्हता.

बाबांचा जन्म कचेरीत कारकुनी करण्यात गेलेला. जेवता जेवता थांबून एवढंच म्हणाले, "आपल्या घरात रिक्षा?" त्या दिवसापासून माझ्याशी अवाक्षर नाही. शेजाऱ्यांना सांगायचे, "शिकवण्या घेते." असा संताप यायचा मला! मी धडधडीत रिक्षा चालवतेय, आणि यांना लेकीची लाज वाटते?

रस्त्यावर तरी कुठं सुख होतं! डाव्या मुठीतला क्लच निसटायचा, रिक्षा उडी मारायची, मागची माणसं माझ्या पाठीवर. स्टँडवरचे चिडवायचे, "मॅडम, क्लचपे जरा रहम करो!" पाठीमागून कॉलेजच्या पोरींची हाक यायची, "ओ मामा!" आपल्याकडं रिक्षावाला म्हणजे मामाच. मी वळले की त्यांचं त त प प, "मावशी... मॅडम... ताई, येणार का?" आधी डोकं फिरायचं. मग एकदा तीच हाक ऐकून तोंडातून आपसूक "बसा" निघालं, आणि माझं मलाच हसू आलं. लागले की कामाला, असं वाटलं.

एका दुपारी बसस्टँडवर पैठणच्या गाडीतून उतरलेल्या एक आजी गाठोडं घेऊन माझ्या शेअर रिक्षात बसल्या. तेवढ्यात मागून हाक आली, "ओ मामा, उस्मानपुरा?"

बाबा! मी बोलले असते तर त्यांनी आवाज ओळखला असता, म्हणून नुसती मान हलवली. ते पिशवी सावरत आजींशेजारी बसले. चौकात आरशात पाहिलं, तर ते माझ्याकडंच बघत होते. उतरायचं तर उतरा बाबा, म्हणून मी रिक्षा कडेला हळू केली. ते उतरले नाहीत. पिशवी मांडीवर घट्ट धरून बसून राहिले.

आजींना मात्र राहवेना. "अगं बया, बाईमाणूस हाय की! लई धीट हायस. भ्या नाय वाटत? कुणाची गं तू?"

गावाकडं माणसाची ओळख अशीच विचारतात. मी उगाचच हॉर्न वाजवला. बाबांचं नाव घेतलं आणि ते मागं तसेच गप्प बसले तर? मग घरी कोणत्या तोंडानं जायचं मी?

"माझी," मागून आवाज आला. "आणि तिला सांगा, पुढं खड्डा आहे."