एकाच वेळी दोन ठिकाणी असलेला पंच

त्या मंगळवारी सकाळी खाडीकाठच्या कोळीवाड्यातल्या एका घराला सील लागले. बंदोबस्ताला मी होतो. नव्वदच्या दशकाची सुरुवात होती. ठाणे जिल्ह्यातल्या एका पोलीस ठाण्यात मी फौजदार होतो. तो दिवस अजून मनातून गेलेला नाही.

घर एका विधवेचे. नवऱ्यामागे घरपट्टी थकली, घर जप्त होऊन लिलावात गेले. खरेदीदार बाजूलाच उभा होता. बाईने आरडाओरडा केला नाही. सुकटीची टोपली सावलीत सरकवली आणि मला म्हणाली, "सायेब, मना कागूद कोनी दिला नाय. कोन आलाच नाय."

असे सगळेच म्हणतात, असे तेव्हा मला वाटले.

तिने लिलावाविरुद्ध दिवाणी दावा लावला. मुद्दा एकच: नोटीस न देता घर विकले. वसुली खात्याच्या कागदांत मात्र पंचनामा होता. बाईने नोटीस नाकारली, म्हणून दोन पंचांसमक्ष ती दारावर चिकटवली, असे त्यात लिहिले होते; तारीख सील लागण्याच्या काही महिने आधीची, वेळ सकाळी अकराची. हा पंचनामा खोटा असल्याची तिची वेगळी तक्रार न्यायालयाने चौकशीसाठी आमच्याकडे पाठवली.

कागद उलटताना आमचे हवालदार हसले. "साहेब, पहिला पंच आपलाच की! समोरचा चहावाला."

पंच म्हणजे त्रयस्थ साक्षीदार. कोर्टाचे खेटे नकोत म्हणून लोक पंच व्हायला टाळत. चहावाला टाळत नसे. मी त्याला बोलावले, तर तो चहाच घेऊन आला.

"कोळीवाड्यात गेला होतास?"

"नाही साहेब. वसुलीच्या कारकुनाने गल्ल्यावर कागद ठेवला, मी सही केली."

"न वाचता?"

"तुमचे तरी कधी वाचले? माझ्या सहीशिवाय या ठाण्यात एक तरी चोर पकडला गेलाय का?"

"पंचनाम्याच्या दिवशी अकराला कुठे होतास?"

"तुमच्याच कागदात बघा साहेब. मोहने गावाला असेन."

मी माझे कागद काढले. तीच तारीख, तीच वेळ. मोहन्यात एका कामगाराच्या खोलीमागे मला चोरीची स्कूटर सापडली होती; त्याच्यावरचा खटला अजून उभा राहायचा होता. जप्तीचा पंचनामा माझ्या हस्ताक्षरात, खाली चहावाल्याची सही. स्कूटर खरेच सापडली होती, पण ती तिथे कोणी ठेवली हे मी खोलात शोधले नव्हते. चहावाला तिथे नव्हता. सही मी संध्याकाळी त्याच्या टपरीवर घेतली होती.

मी वरिष्ठांना सांगितले. ते म्हणाले, "दोन्ही कोर्टांत सांग, तो मोहन्याला होता. बाईचं घर वाचेल, तुझी केस टिकेल. नाहीतर खातेनिहाय चौकशीला तयार राहा."

दिवाणी न्यायालयात मी शपथेवर तसेच सांगितले. चहावाल्यानेही. लिलाव रद्द झाला. सील काढलेल्या दारात उभे राहून बाईने मला हात जोडले.

काही महिन्यांनी मोहन्याच्या खटल्यात आम्ही दोघांनी तीच साक्ष दिली. पिंजऱ्यातून तो कामगार म्हणाला, "साहेब, पंच कोणी आलाच नव्हता." न्यायाधीशांनी माझे खरे मानले. त्याला शिक्षा झाली, नोकरी गेली.

बाईने आणि त्या कामगाराने एकच गोष्ट सांगितली होती आणि दोघेही खरे बोलत होते. बाईला न्याय मिळावा म्हणून मी खोटे बोललो, अशी स्वतःची समजूत मी बरीच वर्षे घालत आलो. पण 'मी कुठेच गेलो नव्हतो' एवढे चहावाला म्हणाला असता, तरी तिचे घर वाचले असते. ते खोटे तिच्यासाठी नव्हते. माझ्या नोकरीसाठी होते. दुसऱ्याचा खोटा पंचनामा मला चटकन दिसला. स्वतःच्या पंचनाम्याला मी कामाची पद्धत म्हणत होतो.

बाई यंदा वारली. मी तिच्या दिवसकार्याला जाऊन आलो. घर आहे, त्यात तिचे नातू राहतात. मोहन्याचा तो माणूस सुटल्यावर कुठे गेला, मला माहीत नाही.