उजव्या कानाचं प्रकरण
निवृत्त होऊन काही वर्षं झाली, तरी ती घटना आठवली की आजही माझं डोकं तापतं. खून नव्हता, दरोडा नव्हता. भांडण होतं एका मुलीच्या उजव्या कानावरून.

तेव्हा मी मुळशी तालुक्यातल्या एका पोलीस ठाण्याचा प्रभारी होतो. माले गावच्या एका शेतकऱ्याची मुलगी सरकारी खात्यात वर्दीच्या नोकरीसाठी निवडली गेली होती. धावण्यात पहिली, लेखी परीक्षेत उत्तम. वैद्यकीय तपासणीत मात्र उजव्या कानाने कमी ऐकू येतं म्हणून अपात्र. तिने दुसऱ्या सरकारी रुग्णालयात कान दाखवला. तिथल्या डॉक्टरांनी ती पात्र असल्याचा दाखला दिला. खातं म्हणालं, आमच्या डॉक्टरांचा निर्णय अंतिम. मुलगी उच्च न्यायालयात गेली. तिथे तारखांवर तारखा. शेवटी न्यायालय म्हणालं, आम्ही डॉक्टर नाही. पण दोन सरकारी डॉक्टर दोन उलट गोष्टी सांगतायत, तर तिसऱ्या वैद्यकीय मंडळाकडून तपासून घ्या. तोवर तिची जागा भरू नका. मंडळाने तिला पात्र ठरवलं.

इथे सगळं संपायला हवं होतं. तेवढ्यात ठाण्यात निनावी फोन आला. मंडळापुढे ती बसलीच नाही, म्हणे. तिच्या नावाने धाकटी बहीण बसली. असाच फोन खात्यालाही गेला होता. त्यांनी नेमणूक रोखली आणि चौकशी आमच्या गळ्यात मारली.

दोघी बहिणींना महिला अंमलदारासमोर वेगवेगळं बसवून विचारलं. उत्तरं जुळली. मंडळाने तपासणीच्या वेळी घेतलेला अंगठ्याचा ठसा तज्ज्ञांकडे पाठवला, तो थोरलीचाच निघाला. म्हणजे तोतयेगिरी नव्हती. फोनचा माग काढला, तर तो धरणाकाठच्या एका रिसॉर्टमधून आलेला. तिथे काउंटरवर बसणारी मुलगी थोरलीची मैत्रीण. भरतीसाठी दोघी रोज एकत्र पळायच्या. प्रतीक्षा यादीत पुढचं नाव तिचंच होतं.

मला वाटलं, हेवा. दुसरं काय असणार? तिला बोलावलं. तिने आढेवेढे न घेता फोन कबूल केला.

"जागा मला पायजेच हुती, साहेब," ती म्हणाली. "पर तिला त्या कानानं ऐकू येत न्हाई, हे खरं हाय. मी तिच्या उजव्या अंगाला पळायचे. कितीबी हाका मारा, वळायची न्हाई. मग पास झाली कशी? बहिणीलाच बसवलं आसंल."

पोरगी थापा मारत नव्हती. इतक्या वर्षांत तेवढं ओळखता येतं. थोरलीला पुन्हा बोलावलं आणि पहिल्या तपासणीनंतर कानाला काय केलंस, एवढंच विचारलं.

"दुसऱ्या डॉक्टरांनी मळाचा खडा काढला," ती म्हणाली. "लई जुना हुता. तवापासनं ऐकू येतंय."

मी कपाळावर हात मारला. मग हे न्यायालयात का नाही सांगितलं? तर वकिलांनी तिला बजावलं होतं, कानात काही होतं असं कबूल करायचं नाही, नाहीतर खात्याचाच निर्णय बरोबर ठरेल. पहिली तपासणीच चुकली असं म्हणायचं. पहिल्या डॉक्टरांनी ऐकणं मोजलं, कानात डोकावले नाहीत. दुसऱ्यांनी मळ काढला, पण दाखल्यात तसं लिहिलं नाही. खात्याला निर्णय बदलायचा नव्हता. चिमूटभर मळासाठी उच्च न्यायालय, वैद्यकीय मंडळ आणि माझं अख्खं ठाणं कामाला लागलं होतं.

मी अहवाल पाठवला, थोरलीला नेमणूक मिळाली. जाण्याआधी ती ठाण्यात आली आणि मैत्रिणीवर गुन्हा नोंदवू नका म्हणून विनवून गेली. मैत्रिणीने जाणूनबुजून खोटी माहिती दिली नव्हती. तिला समज देऊन सोडलं. पुढची भरती निघेपर्यंत तिचं वय उलटून गेलं होतं.

सगळी नोकरी मी खोटं बोलणाऱ्यांच्या मागे घालवली. या प्रकरणात शोधूनही तसा एक माणूस सापडला नाही. प्रत्येकाने आपल्यापुरतं खरं सांगितलं आणि उरलेलं गिळून टाकलं. खोटं बोलणाऱ्याला निदान कलम तरी लावता येतं.