भिंतीचं ऐकणारी आई

गळ्यातली मापाची टेप ती अंघोळीला तरी काढते का, यावर गल्लीत पैजा लागायच्या. म्हणून ती टेपबाई. माणूस समोर आला की हिची नजर आधी त्याच्या कमरेवर. "दोन बोटं वाढलीस," हीच तिची विचारपूस. शिवणकामातला एक नियम तिने सगळ्या संसाराला लावला होता: शिवण धरून आहे ना, मग उसवायची नाही.

दुकान रस्त्याच्या या बाजूला, घर त्या बाजूला, पहिल्या मजल्यावर. घरात म्हातारी आई. तिची आठवण जुन्या कापडासारखी विरत चाललेली. पाणी प्यायचं विसरायची, लेकीला कधी "बाई" म्हणायची, कधी "मावशी". म्हणून टेपबाईने खोलीत कॅमेरा बसवून घेतला, बोलणारा. मशीनशेजारी मोबाइल टेकवायचा, शिवता शिवता बघायचं आणि मधूनच सांगायचं, "आई, पाणी पी."

सुरुवातीला म्हातारी आवाज पलंगाखाली शोधायची. मग टेपबाईने तिला शेजारी बसून शिकवलं, नवख्या पोरीला पहिला टाका शिकवावा तसं. भिंत बोलली की ऐकायचं. भिंत सांगते ते आपल्या भल्याचंच. हळूहळू म्हातारी तयार झाली. भिंत म्हणाली ऊठ की उठायची, नीज की निजायची. टेपबाई गिऱ्हाइकांना मोबाइल दाखवून मिरवायची, "तुमच्या सुना ऐकतात का इतकं?"

कॅमेरेवाल्याने गल्लीतल्या सगळ्या घरांना एकच पासवर्ड ठेवला होता, तोही खोक्यातून आला तसाच. कोणी विसरलं तर त्याला पुन्हा जिने चढायला नकोत. पासवर्ड बदला, असं मोबाइल अधूनमधून सांगायचा. समोरच्या कटलरीवालीनेही सांगून पाहिलं. टेपबाई दातांत टाचणी धरूनच म्हणाली, "चालतंय ते कशाला बिघडवू? आणि माझ्या म्हातारीला बघून कोणाला काय मिळणार आहे?"

गंमत मिळणार होती.

एका दुपारी बाही जोडता जोडता तिने मोबाइलकडे पाहिलं. आई खोलीच्या मधोमध एका पायावर उभी होती, दोन्ही हात डोक्यावर. गिऱ्हाइकाला वाटलं, व्यायाम चाललाय. तेवढ्यात मोबाइलमधून कोणीतरी हसलं. पुरुषाचा आवाज, अगदी लाडीगोडीचा. "शाब्बास आजी. आता गोल फिर."

म्हातारी फिरली.

टेपबाईने बोलायचं बटण दाबलं. "आई, खाली बस."

म्हातारी बसली.

"ऊठ, आजी."

उठली.

"आई, मी बोलतेय. बस गं."

"ती खोटी आहे, आजी. मीच खरा. ऊठ."

दोन-चार वेळा म्हातारी अशी उठली, बसली. तिला धाप लागली. शेवटी पलंगाचा कठडा धरून ती रडवेल्या आवाजात भिंतीला म्हणाली, "एकानेच सांगा ना. मी ऐकतेय की सगळं."

"दार उघड," आवाज म्हणाला. "जिन्यावरून खाली ये. मी न्यायला आलोय."

दाराला आतून नुसती कडी होती. बाहेरून कुलूप घालायला टेपबाईचं मन कधी धजलं नव्हतं. बोलावं तर आई आणखी गोंधळणार, गप्प बसावं तर भिंत त्या मेल्याची एकट्याची. मोबाइल तिथेच टाकून ती धावली. गळ्यात टेप, मुठीत बाही. रस्त्यात एकाने ब्रेक मारून शिव्या घातल्या, त्या तिला ऐकूच आल्या नाहीत. वर पाहते तो आई जिन्याच्या सगळ्यात वरच्या पायरीवर, एक पाय हवेत धरून, पुढचा हुकूम यायची वाट बघत उभी.

आईला आत बसवून तिने कॅमेरा ओढून काढला, प्लास्टरसकट. कॅमेरेवाला फोनवर म्हणाला, पासवर्ड बदलायचा होता ना. पोलिसांनी सगळं लिहून घेतलं. तो कोण, कुठला, ते कोणालाच कळलं नाही.

पण खरा घोर पुढेच होता. म्हातारीने पाणी सोडलं. पेला ओठांशी नेला की तोंड घट्ट मिटायची आणि भिंतीतल्या भोकाकडे बघत बसायची. दुसऱ्या दिवशी जीभ कोरडी पडली. डॉक्टर म्हणाले, प्यायली नाही तर सलाईन लावावं लागेल, आणि या वयात तेही किती दिवस चालणार. टेपबाई पायांशी बसून हात जोडू लागली. "आई, ती भिंत मीच होते गं."

म्हातारी समजुतीच्या स्वरात म्हणाली, "मावशी, तुम्ही मधे पडू नका. भिंतीने सांगितलेलं नाही."

टेपबाई उठली. स्वयंपाकघरात गेली, त्याच भिंतीच्या पलीकडे. गार चुन्याला तोंड लावलं आणि दुकानातून बोलायची तशा हसऱ्या आवाजात म्हणाली, "आई, पाणी पी."

पलीकडे पेला उचलल्याचा आवाज आला.

"अजून एक घोट."

डोळे गळत होते, पण आवाज तिने हलू दिला नाही.

आता दुकान बंद आहे. मशीन स्वयंपाकघरात, भिंतीला चिकटून. गिऱ्हाइकाची कंबर वाढली तरी टेपबाई काही बोलत नाही. कोणी आलं की आधी ओठांवर बोट ठेवते. मापं खुणेने, कापडाचं बोलणं कुजबुजत. पलीकडे म्हातारी कान देऊन बसलेली असते, आणि ती कोणाचंही ऐकेल.