मनोरीच्या वाळूत उरलेला कचरा

मागच्या वर्षी आमच्या अंधेरीच्या ऑफिसने समुद्रकिनारा साफ करायचं मनावर घेतलं. एका शनिवारी मार्वेहून बोटीने आम्ही वीस जण मनोरीला उतरलो. अंगात सारखे हिरवे टी-शर्ट. प्रत्येक टी-शर्ट वेगळ्या प्लास्टिकच्या पिशवीतून निघालेला.

तासभर झकास काम झालं. बाटल्या, वेफर्सची पाकिटं, जोडीदार हरवलेल्या चपला. मग वाळूत फुगून टम्म झालेले सॅनिटरी पॅड दिसायला लागले. एरवी कुठल्याही विषयावर अर्धा तास बोलणारे आमचे साहेब एकदम ढग बघू लागले.

"ते... ते राहू दे," ते म्हणाले. "फोटोत बरं नाही दिसणार."

पुरुषमंडळी चटकन पुढे सरकली. आम्ही बायकाही सरकलो, हे कबूल करते.

बाजूला बोंबील वाळत घालणारी एक कोळीण मघापासून आमची मजा बघत होती. तिने मलाच हटकलं, "काय गं, ते काय खेकडे उचलनार?"

"आमचं नाहीये ते, मावशी. कुठून तरी वाहून आलंय."

"मग माझं हाय? आमच्या जाल्यात रोज येतं. मासली कमी, तुमचा माल जास्ती."

माझा पाळीचा दुसरा दिवस होता आणि पर्समध्ये तोच माल होता. कान तापले. हातमोजे वर ओढून मागे फिरले, तशा दोघी मैत्रिणीही आल्या. आतला लगदा बोटांतून गळत होता. खालचं प्लास्टिक मात्र कोरं करकरीत, त्यावरची गुलाबी फुलंसुद्धा उडालेली नव्हती. गोणी भरली. ग्रुप फोटोच्या वेळी साहेबांनी ती बॅनरमागे ठेवायला लावली. बॅनरवर लिहिलं होतं, 'समुद्र आपला आहे'.

त्यानंतर मी कापडी पॅड आणले. पहिल्यांदा धुताना अगदी किळस आली. धुऊन बोरिवलीच्या आमच्या गॅलरीत, चांगल्या उन्हात, दोरीवर लावले. दहा मिनिटांत समोरच्या बिल्डिंगमधल्या काकूंचा फोन.

"अगं, तुझं काहीतरी बाहेर राहिलंय गं."

"राहिलं नाही काकू, वाळत घातलंय."

तेव्हापासून त्यांच्या खिडकीला जाड पडदा आहे. प्रवासाला निघाले की मी अजूनही दुकानातलं पाकीटच बॅगेत टाकते. खोटं कशाला बोलू?