पोचलीस की फोन कर

परभणीच्या स्टेशनावर आप्पांनी खिडकीतून लाडवांचा डबा आत सरकवला आणि म्हणाले, "पोचलीस की फोन कर बरं, माय." गाडी हलली तरी त्यांचं तेच. मी वैतागले. लहान आहे का मी आता?

वाटेत आमच्या गाडीचे पुढचे डबे उलटले. सगळ्या देशानं ते टीव्हीवर पाहिलं. मी रुळांशेजारी उभी होते, अंगावर साधा ओरखडा नाही. बाकी सांगवत नाही. गवतात पडलेले फोन वाजत होते, एकावर 'आई' असं दिसत होतं. मला तो उचलवला नाही.

पुढं नोकरीवर रुजू झाले, पुण्याजवळ माणमध्ये खोली घेतली आणि फोन कायमचा म्यूटवर टाकला. कुठंही रिंग वाजली की मी तिथून उठून जायचे. आप्पांना रोज नुसता मेसेज, 'ठीक आहे.' त्यांचा आवाज ऐकायला जीव तुटायचा, पण धीर होत नव्हता.

आमच्या घरमालकीण शांताकाकू. जमिनीवर इमारती उठल्या तरी त्यांनी भाताचं एक खाचर राखलंय. लावणीला इर्जिक घालतात. शेजारच्या बाया मजुरी न घेता राबायला येतात आणि काकू त्यांना मटण-भाकरीचं जेवण घालतात. यंदा मलाही ओढलं. "चल गं, ल्यापटाप काय पळून जातोय व्हय?"

आम्ही ज्वारीची माणसं. भात लावताना मागं मागं सरकायचं, हे मला काय ठाऊक! मी निघाले पुढं, आपलीच रोपं तुडवत.

"आगं बया, सोताच लावतीया अन् सोताच तुडवतीया!" बाया हसून हसून चिखलात बसल्या. मलाही किती दिवसांनी खदखदून हसू आलं. काकूंनी मला बांधावर हाकललं, "हातपाय धू अन् तितंच बस!"

तेवढ्यात बांधावरच्या पिशवीत काकूंचा फोन वाजला. माझं हसू जागीच थिजलं.

"उचल की! आमचे समद्यांचे हात चिखलात हायेत."

स्क्रीनवर नाव होतं, 'पोरीचे आप्पा'.

"रोज सांजच्याला इचारत्यात बिचारे," काकू ओरडल्या.

कसाबसा उचलला. "ताई, पोचलं का आमचं लेकरू घरी?"

"पोचले, आप्पा."

आप्पांनी आवाज ओळखला. हळूच म्हणाले, "कधी पोचलीस, माय?"

"आत्ताच."

त्या दिवशी मटण मी दोनदा मागून घेतलं. तुम्ही गावाकडचे विचारता, करमतं का गं तिकडं? आता मी परभणीला आले की घरात पाऊल टाकायच्या आत काकूंचा फोन येतो, "पोचलीस का गं?" माझ्या फोनची रिंग आता फुल्ल आवाजात असते. आप्पा म्हणतात, उचल की. मी जरा वाजू देते.